तरवडाची साक्ष

तरवड कुणी लावत नाही, त्याला कुणी पाणी घालत नाही आणि शेळीसुद्धा त्याला तोंड लावत नाही. एवढ्या तीन गुणांच्या जोरावर हे झुडूप माणदेशात पिढ्यानपिढ्या सुखानं जगलं. बांधाच्या कडेला, मोरीच्या तोंडाशी, खडकाच्या फटीत, जिथं म्हणून दुसरं काही यायला तयार नसे तिथं ते यायचं आणि अश्विन लागला की पिवळंधमक फुलायचं. मग शास्त्रज्ञांची त्याच्यावर नजर गेली आणि त्याचे दिवस फिरले. त्याच्यासोबत नेपतवाडीचेही.

त्याआधी दुष्काळ आहे की नाही हे माणसं ठरवत, आणि सगळा घोळ तिथंच होता. साहेब विहिरीत दोर सोडून पाणी मोजायचे. मोजणी यायची असली की एखादं गाव आपल्या विहिरी उपसून ठेवी. शेजारच्या गावाला आदर्श गावाचं बक्षीस हवं असे, ते आपल्या विहिरीत टँकर ओतून ठेवी. कधीकधी इथून उपसलेलं आणि तिथं ओतलेलं पाणी एकच असे. शेवटी सरकारच्या लक्षात आलं की माणसाची साक्ष काही कामाची नाही. साक्षीदार असा हवा की ज्याला भावकी नाही, पक्ष नाही आणि ज्याला कुणी बाजूला घेऊन चहा पाजू शकत नाही. असा साक्षीदार शोधत शोधत ते तरवडापाशी येऊन थांबले. योजनेचं नाव ठेवलं 'जलसाक्ष'.

हे नवं तरवड बनवणाऱ्या डॉ. नसीमा मुजावर स्वतः नेपतवाडीत आल्या. बिरोबाच्या देवळापुढं सभा झाली. माईकला स्टँड नव्हतं, म्हणून हर्षद कोळेकर तो त्यांच्या तोंडापुढं धरून उभा राहिला. त्यामुळं सगळं भाषण गावात त्यानंच काय ते नीट ऐकलं.

झाडाला तहान लागली, मॅडम म्हणाल्या, की त्याच्या अंगात एक रसायन तयार होतं. ते पानांना सांगतं, दारं लावून घ्या, ओल बाहेर जाऊ देऊ नका. कळ्यांना सांगतं, यंदा राहू द्या. हा तहानेचा निरोप प्रत्येक झाडात असतो. आम्ही तरवडात त्याचा आवाज जरा मोठा केलाय, एवढंच. याची मुळं दोन-तीन पुरुष खोल जातात. खाली ओल असेल तर निरोप निघत नाही आणि झुडूप भरभरून फुलतं. ओल नसेल तर कळ्या गळून पडतात. शिवाय पाकळीत एक रंग घातलाय, तो माणसाला दिसत नाही, पण वरून उपग्रहाला दिव्यासारखा दिसतो. अश्विनात उपग्रह रोज फुलं मोजणार आणि त्यावरून जमिनीच्या पोटातलं पाणी काढणार. त्या आकड्याला तृप्तांक म्हणायचं. तृप्तांक खाली गेला की रोज टँकर. वर गेला की टँकर बंद.

सरपंच आर्यनबापूंनी विचारलं, "मॅडम, झुडूप खोटं बोललं तर?"

"त्याला खोटं बोलून काय मिळणार?" मॅडम म्हणाल्या.

हे गावाला एकदम पटलं. खोटं बोलून ज्याला काही मिळालं नाही असा माणूस नेपतवाडीत कुणी पाहिला नव्हता, पण तत्त्व म्हणून पटलं.

मग शिवारातली जुनी, रानटी तरवडं उपटून टाकण्यात आली, कारण उपग्रहाचा गोंधळ व्हायला नको. टेकडीवर आणि वाटांच्या दुतर्फा नवी रोपं लावली. दोन वर्षांत ती कमरेएवढी झाली. त्यांची राखण करायला एक साक्षीमित्र नेमायचा होता, त्या जागी माईकच्या अनुभवावर हर्षदची निवड झाली. काम एकच, झुडपांपासून शेळ्या हाकलणं. शेळ्या तरवडाकडं वळूनही बघत नसल्यामुळं हर्षद हे काम अत्यंत यशस्वीपणे करत होता.

घरी त्याचं इतकं यश नव्हतं. त्याची बायको ऋतुजा कृष्णाकाठची. तिच्या माहेरी पाण्याची तक्रार असते ती जास्त झाल्याची. ड्रोनच्या कोर्सला दोघांची गाठ पडली, लग्न झालं, आणि ऋतुजानं नेपतवाडीचा पहिला उन्हाळा एका ड्रमवर चार दिवस भागवून काढला, तेही न कुरकुरता. पण पहिलं बाळंतपण माहेरी व्हायचं ते झालं, भाद्रपदात मुलगी झाली, बारसं होऊन तिचं आभा नावही ठेवलं, आणि आता प्रश्न परत यायचा होता. पाऊस यंदा हुलकावणी देऊन गेलेला. सासरे सचिनराव बारशाच्या पंगतीतच हर्षदला म्हणाले होते, "जावईबापू, तान्ह्या पोरीला रोज न्हाऊ घालावं लागतं. ती काय तरवड आहे का?" टँकर रोजचा सुरू झाला की दुसऱ्या दिवशी आपण स्वतः दोघींना आणून घालू, हेही त्यांनी सांगितलं. माणूस वाईट नव्हता. ऋतुजाही फोनवर तेच म्हणाली, फक्त तिचा आवाज ओला होता.

म्हणजे पोरगी घरी यायची तर तृप्तांक खाली जायला हवा होता. हर्षदच्या आयुष्यात त्या महिन्यात एवढी एकच गोष्ट होती.

मोजणीचे नऊ दिवस कोणते, हे पुण्यातल्या एका समितीनं ठरवलं होतं. तरवडाला सगळ्यात जास्त बहर कधी येतो ते त्यांनी शास्त्रानं शोधून काढलं आणि तारखा जाहीर केल्या. त्या बरोबर घटस्थापनेपासून दसऱ्यापर्यंतच्या निघाल्या. हे समितीत कुणाच्याच लक्षात आलं नाही.

आणि माणदेशात घटाला माळ असते ती तरवडाच्या फुलांची. रोज एक नवी माळ, अशा नऊ. त्यावरूनच दिवस ओळखतात, आज पहिली माळ, आज तिसरी माळ. हर्षदच्या आईनं, रंजनाबाईनं, यंदा देवीला नवस बोललेला होता की नात सुखरूप घरी येऊ दे, मी नऊ माळांत खंड पडू देणार नाही. झेंडू चालेल का, असं तिला कुणी विचारायची सोय नव्हती. झेंडूला पाणी लागतं.

घट बसायच्या आदल्या दिवशी आर्यनबापूंनी चावडीत माणसं जमवली. बापूंचं डोकं चालायचं, हे त्यांचे विरोधकही मान्य करत, किंबहुना तीच त्यांची तक्रार होती. बापू म्हणाले, फूल म्हणजे पाणी, असं सरकार म्हणतंय. मग फूल नाही म्हणजे काय? पाणी नाही. आणि देवीच्या माळेला फुलं तोडू नका, असं म्हणायची कुणाची टाप आहे? तेव्हा तोडा.

गावात भक्तीची लाटच आली. ज्या घरात सात पिढ्यांत घट बसला नव्हता तिथं बसला. ग्रामपंचायतीच्या कार्यालयात बसला, शाळेत बसला, व्यायामशाळेत डंबेलच्या शेजारी बसला. पंक्चरवाले सलीमभाई म्हणाले, बसवत नाही, पण माळ लावतो. हर्षदनं स्वतः टोपल्या वाटल्या. त्याच्या नेमणूकपत्रात शेळ्यांचा उल्लेख होता, माणसांचा नव्हता. पहिल्या माळेच्या दुपारी टेकडी नुकतीच जावळ काढलेल्या पोरासारखी दिसत होती, आणि त्यानं ऋतुजाला तसा फोटो पाठवला.

दुसऱ्या दिवशी टेकडी पुन्हा पिवळी झाली.

राहिली असतील कालची, असं म्हणून लोकांनी ती तोडली. तिसऱ्या दिवशी आदल्या दिवसापेक्षा दाट फुलं आली. बापू म्हणाले, झुडूप चिवट आहे, पण आपण जास्त चिवट आहोत. चौथ्या दिवशी शाळेला सुट्टी देऊन पोरं टेकडीवर नेली. हर्षद मोबाईलवर तृप्तांक बघत होता. तो चुलीवरच्या दुधासारखा वर येत होता.

पाचव्या माळेला सकाळी गावात टँकर आला. बायका हंडे घेऊन धावल्या. हा नव्या पद्धतीचा, बिनड्रायव्हरचा टँकर होता. तो देवळापुढच्या पारापाशी येऊन थांबला आणि बाईच्या गोड आवाजात म्हणाला, "नमस्कार. दाता गाव म्हणून निवड झाल्याबद्दल नेपतवाडीचं अभिनंदन. कृपया पाणी भरा."

टँकर रिकामा होता. पाणी द्यायला नाही, न्यायला आला होता. नेपतवाडीचा तृप्तांक इतका वर गेला होता की तिचा स्वतःचा टँकर आपोआप बंद झाला होता आणि शेजारच्या तहानलेल्या गावांना पाणी पुरवायची जबाबदारी आता तिच्यावर आली होती.

टँकरला नेऊन कोरडी विहीर दाखवायची सूचना कुणीतरी केली. त्याला विहीर दिसायची सोय नव्हती. भरल्याशिवाय तो हलणार नव्हता. दर थोड्या वेळानं तो कृपया पाणी भरा म्हणे आणि अगदी नम्रपणे म्हणे, त्यामुळं त्याच्यावर चिडताही येईना. बापूंनी मदत क्रमांकावर फोन लावला. पलीकडच्या मुलीनं सगळं शांतपणे ऐकून घेतलं आणि सांगितलं की गावात पाणी नाही असं गावातल्या माणसाचं म्हणणं ग्राह्य धरता येत नाही, योजना मुळात त्याचसाठी आहे.

दुपारी हर्षदनं मुजावर मॅडमना फोन लावला. त्यांनी उचलला.

"फुलं तोडताय का?" त्यांनी पहिलाच प्रश्न विचारला.

"घटाला," हर्षद म्हणाला.

कधीपासून तोडताय, हे मॅडमनी विचारून घेतलं. मग त्यांनी जे सांगितलं ते असं. झाड फुलतं ते आपल्याला दिसावं म्हणून नव्हे, बी धरावं म्हणून. शेंग धरली की त्याचा जीव शांत होतो, ते फुलायचं थांबतं. पण शेंग धरायच्या आत फूल कुणी खुडून नेलं, तर त्याला वाटतं, आपलं राहिलंच. ते पुन्हा कळी काढतं. पुन्हा खुडलं की पुन्हा. तहानेचा निरोप मग ते बाजूला ठेवतं. अंगात असेल नसेल ती ओल काढून फुलतं. शिवाय खुडलेल्या झाडाला एक वास सुटतो, आपल्याला न कळणारा, पण शेजारच्या झुडपाला कळतो. इथं खुडणी चाललीय, घाई करा. एकाचं तोडलं की सगळी टेकडी घाईला येते.

"आमच्या गावासारखंच आहे म्हणजे," हर्षद म्हणाला. "मॅडम, हे तुम्हाला ठाऊक होतं?"

"होतं. पण जे शेळी खात नाही ते तोडणार कोण, असं धरून चाललो. समितीतल्या तिघांच्या घरी घट बसतात, हर्षद. माळा बाजारातून येतात. त्या कुठून तरी तोडून आणतात, हे सुचलंच नाही कुणाला."

नियम बदलायला समिती बसावी लागणार होती आणि समिती दिवाळीनंतर बसणार होती. तोवर एकच उपाय होता. दसऱ्याच्या सकाळी शेवटचा आकडा पक्का होतो. आजपासून कुणी एक फूल तोडलं नाही तर शेंगा धरतील, झुडपं गप्प होतील आणि तोवर आकडा खाली येईल. एक फूल नाही, मॅडम पुन्हा म्हणाल्या.

संध्याकाळी बापूंनी चावडीत गाव पुन्हा गोळा केलं आणि फुलं तोडायची कल्पना मुळात आपली नव्हतीच, असं सांगून ती बंद केली. गावानं ऐकलं. टँकर त्यांच्या डोळ्यांपुढं उभा होता. कुणी प्लॅस्टिकच्या माळा आणल्या, कुणी पिवळ्या कागदाच्या केल्या, एकानं गणपतीतली दिव्यांची माळ काढून घटावर सोडली आणि बटण दाबलं. व्यायामशाळेनं आपला घट सरळ उचलून ठेवला.

रंजनाबाई ऐकेना.

"चार दिवसांचा प्रश्न आहे आई," हर्षद म्हणाला. "देवी घेईल समजून."

"देवी घेईल. मी न्हाई घेत."

"एक माळसुद्धा नको. एक झाड तोडलं की बाकीची फुलतात."

"कुणासाठी घालतीया मी माळ? तुझ्याच पोरीसाठी न्हवं?"

"आणि मी कुणासाठी नको म्हणतोय?"

दोघं एकाच लेकरासाठी भांडत होते आणि दोघांचं बरोबर होतं, त्यामुळं तडजोडीला जागाच नव्हती. शेवटी रंजनाबाईनं काय केलं, तर सहाव्या दिवशी आंघोळीच्या नावानं ओलं फडकं अंगावरून फिरवलं, सुईत दोरा ओवला, आणि एकही फूल न ओवता तो कोरा दोरा घटावर सोडला. सातव्या दिवशी दुसरा. हर्षदशी ती बोलत नव्हती. त्याला भाकरी वाढायची, पण भिंतीकडं बघून.

हर्षद आता खरंच राखण करू लागला. दिवस उगवला की टेकडीवर जाऊन बसायचा. पहिल्यांदाच त्याच्या कामाला अर्थ आला होता आणि ते काम गावातल्या बायकांकडं संशयानं बघायचं होतं. शेंगा धरायला लागल्या, चपट्या, कोवळ्या. फुलं कमी झाली. आठव्या माळेला तर टेकडी तपकिरी दिसू लागली, आणि आकडा पाहिजे त्या रेघेच्या खाली उतरला. टँकर म्हणाला, "आपल्या समृद्धीची फेरतपासणी चालू आहे. कृपया प्रतीक्षा करा." देवळापुढं बसलेल्या म्हाताऱ्यांनी टाळ्या वाजवल्या.

हर्षदला राहवलं नाही. त्यानं ऋतुजाला फोन लावला.

"नक्की ना?" तिनं विचारलं.

"आकडा खाली आलाय. दसऱ्याला सकाळी पक्का होतो. तुम्ही पहाटेच निघा."

"पप्पा म्हणतात टँकर दिसल्यावर..."

"टँकर आहे इथं," हर्षद म्हणाला. "उभाच आहे." तसं पाहिलं तर यात खोटं काही नव्हतं.

नवव्या दिवशी खंडेनवमी. लोकांनी विळे, कोयते, ट्रॅक्टर पुजले आणि टँकरलाही हळदकुंकू लावून प्लॅस्टिकची माळ घातली. रिकामा असला तरी वाहन होतं. तो धन्यवाद म्हणाला. रंजनाबाईनं चौथा कोरा दोरा सोडला. पाच माळा फुलांच्या, चार दोऱ्यांच्या, असा तो घट हर्षदनं पाहिला. उद्या पोरगी आली की आपण होऊन आईच्या पाया पडू, असं त्यानं ठरवलं.

दसऱ्याला उजाडता उजाडता तो अंगणात आला आणि टेकडी बघून जागीच खिळला. पान दिसत नव्हतं. बुंध्यापासून शेंड्यापर्यंत पिवळं, आणि नुसती टेकडी नव्हे, मोरीजवळची झुडपं पिवळी, शाळेच्या कुंपणाची पिवळी, पाराच्या मागचं रोगट झुडूप पिवळं. एवढा बहर कुणी जन्मात पाहिला नव्हता. मोबाईलवर आकडा पक्का झाला होता. राज्यात पहिला.

तो घरात शिरला. आई घटापुढं बसली होती.

"एक दिवस राहवलं नाही तुला?" तो ओरडला. "एकच दिवस होता. तुझ्या नवसानं घात केला पोरीचा. नातीपेक्षा माळ मोठी झाली तुला." शेजारची माणसं दारात येऊन उभी राहिली तरी तो थांबला नाही. आणखीही बरंच बोलला, ते इथं सांगण्यासारखं नाही.

रंजनाबाईनं सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाली, "मी तोडली न्हाई रं." आणि घटाकडं बोट केलं. चार दोरे कोरेच होते.

हर्षदनं मॅडमना फोन लावला. कुणीच तोडली नाहीत, असं त्यानं सांगितल्यावर पलीकडून एक उसासा आला.

"मग मुळं कोरडी पडलीत," मॅडम म्हणाल्या. "त्या पाच दिवसांत जी ओल होती ती त्यांनी फुलण्यात घालवली. आता खाली काहीच नाही. आपण मरणार, हे झाडाला एकदा पक्कं कळलं की ते कुठलाच निरोप ऐकत नाही. पानांतलं, खोडातलं सगळं काढून एकदाच फुलतं. बी तरी मागं राहावं म्हणून."

"मग सांगा ना त्यांना. हे पाण्यानं फुललेलं नाही म्हणून."

"आकडा पक्का झाला, हर्षद. मी आत्ता सांगितलं तरी मी माणूसच आहे." मग त्या म्हणाल्या, "मी येते तिकडं. येऊन काय करणार माहीत नाही. पण येते."

ऋतुजाला त्यानं फोनवर फोन केले. गाडी घाटात असावी, लागेना. नंतर लागला तेव्हा गाडी गावच्या कमानीतून आत येत होती.

सचिनराव उतरले ते टेकडीकडं बघतच. दोन्ही हात कमरेवर ठेवून त्यांनी तो पिवळा डोंगर डोळे भरून पाहिला. कृष्णाकाठचा माणूस, हिरवं खूप पाहिलेला, पण हे नवीन होतं. त्यांना मोबाईलवर बातमीही मिळालेली होती. "राज्यात पहिला नंबर, आं?" ते म्हणाले. "आणि मी उगीच धास्ती घेऊन बसलो होतो. जावईबापू, चुकलं माझं. माफी असावी." तेवढ्यात टँकर म्हणाला, "या गावात मुबलक पाणी आहे. कृपया पाणी भरा." सचिनरावांनी त्यालाही मान डोलावून दाद दिली.

ऋतुजा आभाला घेऊन उतरली. पोरगी जागी होती. उन्हानं डोळे बारीक करून ती इकडंतिकडं बघत होती आणि एक मूठ हवेत हलवत होती. हर्षदच्या लक्षात आलं की आता आपण फक्त गप्प बसायचं आहे. बाकी सगळं आपोआप होणार आहे. टेकडी साक्ष देत होती, उपग्रह देत होता, टँकर तर तोंडानं देत होता. एकट्या त्याचंच मत वेगळं होतं आणि ते कुणी विचारलेलं नव्हतं. एकदा पोरगी आत गेली की दसऱ्याच्या दिवशी दारातून परत कोण नेतो? मग चार दिवसांत काय होईल ते होईल. माणसं राहतातच. तोही असाच वाढला होता.

रंजनाबाई दारात आली. सकाळी एवढं ऐकून घेतलं होतं, तरी ठेवणीतलं लुगडं नेसली होती. एका हातात भाकरतुकडा होता, दुसऱ्या हातात तांब्या. लेकरू पहिल्यांदा घरी येतं तेव्हा भाकरतुकडा ओवाळून टाकायचा, आणि सुनेच्या पायावर पाणी घालून दोघांना आत घ्यायचं, ही रीत. ऋतुजा उंबऱ्याबाहेर उभी राहिली, पायातल्या चपला तिनं बाजूला सारल्या.

हर्षदनं तांब्याकडं बघितलं. घरातला ड्रम त्यानं काल स्वतः तिरका करून खरवडला होता. आई कोरा तांब्या तिरका करणार, पाणी घातल्यासारखं करणार, आणि जशी माळेविना माळ घातली तसं पाण्याविना पाय धुऊन सुनेला आत घेणार, हे त्याला लख्ख दिसलं. ऋतुजा ते बघणार, आणि बघूनही काही न बोलता आत येणार, हेही दिसलं. ती तशीच होती.

"मामा," तो म्हणाला, "गाडी बंद करू नका."

सचिनराव हसले. त्यांना ती थट्टा वाटली.

मग हर्षदनं सगळं सांगितलं. फुलं पाण्याची नाहीत, तहानेची आहेत, झाडं मरताहेत म्हणून फुललीत, टँकर न्यायला आलाय. सांगताना त्याला स्वतःलाच ते खरं वाटेना, इतकं ते टेकडीपुढं फिकं पडत होतं. सचिनराव एकदा त्याच्याकडं आणि एकदा टेकडीकडं बघत राहिले. "लेकीला ठेवून घ्यायचं नसेल तर तसं सांगा," ते शेवटी म्हणाले. "एवढी कथा कशाला?"

"पप्पा," ऋतुजा म्हणाली, "तो खोटं नाही बोलत."

"तू कशावरून म्हणतेस?"

"खोटं बोलला असता तर मी आत असते."

डिकी उघडून सचिनरावांनी वाटेसाठी घेतलेल्या पाण्याच्या बाटल्या काढल्या आणि ओट्यावर ठेवल्या. ऋतुजानं आभाला सासूपुढं धरलं. रंजनाबाईनं भाकरतुकडा आणि तांब्या बाजूला ठेवला, नातीवरून हात फिरवून आपल्या कानशिलांवर बोटं मोडली, तिला घेतलं, तिची मूठ उघडून बघितली, मिटली आणि परत दिली. ऋतुजा हर्षदला म्हणाली, तू चल ना, आईंनाही घे. तो म्हणाला, येतो. कधी, ते तिनंही विचारलं नाही. गाडी वळली, कमानीतून बाहेर गेली, आणि मग दोन्ही बाजूंच्या पिवळ्या रंगात बराच वेळ धूळ दिसत राहिली.

रंजनाबाई दारातच बसली होती. हर्षद तिच्याजवळ जाऊन उभा राहिला. पाया पडायचं ठरवलेलं होतं, पण आता त्याचं काय करावं ते कळेना.

"तांब्यात पाणी हुतं रं," ती म्हणाली.

त्यानं वाकून पाहिलं. होतं. फार नाही, पायापुरतं. चार दिवस तिनं घोटघोट बाजूला काढून ठेवलेलं असणार.

"म्हणून काय तू सांगायला नको हुतंस, असं न्हाई," ती म्हणाली. "सांगितलंस ते बरं केलंस."

मग तिनं तांब्या उचलला आणि ऋतुजा जिथं उभी होती तिथं, उंबऱ्याबाहेर, ते पाणी सावकाश ओतलं. काळ्या फरशीवर ते पसरलं. दोघं ते वाळेपर्यंत बघत बसले. फार वेळ लागला नाही.